चालतं काळपेव: १२ बंड्यांच्या तांड्याला वर्षभर पुरेल असं यंत्र कसं मांडावं?

पांदणवाट

एक दीर्घकथा लिहायला घेतली आहे. तिच्यात दातेरी चाकांवर जगणारा एक भटका समाज आहे. १२ बंड्या (गाड्या), साधारण ६० माणसं, बैल एकही नाही. मेळघाटाच्या पायथ्याशी, परतवाड्याच्या अंगाला त्यांचा पावसाळी मुक्काम. तिथून निघून अंजनगाव, दर्यापूर, कारंजा, दारव्हा, यवतमाळ, वणी असं गावोगाव थांबत फिरायचं आणि मृगाच्या आत परत यायचं. बंड्या ओढणारं यंत्र वेळ साठवतं आणि तो खर्चून चाकं फिरवतं. धान्य जसं पेवात (जमिनीखालच्या कोठारात) उतरवतात तसं, म्हणून नाव ठेवलं आहे ‘काळपेव’.

अडलंय ते असं. साध्या घड्याळाच्या स्प्रिंगवर हे भागेल का, की वेगळी शक्ती मानावीच लागेल? मानली तर वेळेची ऊर्जा किती, हा हिशोब कशाने बांधायचा? आणि वाटेत काय काय बिघडेल? जादू म्हणून सोडून द्यायचं नाही. प्रकरणं गावातल्या वाचनालयात वाचून दाखवायची आहेत, आणि समोर बसणाऱ्यांना बंडीचं वजन, वंगण, धाव (चाकावरची लोखंडी पट्टी) सगळं हातचं माहीत आहे. त्यांच्यासमोर खोटं वाचवणार नाही.

गणिताची_पाटी

ताई, आधी ओझं मोजू, मग यंत्र.

भरलेली बंडी माणसासकट १ टन धरा. वाळलेल्या, दबलेल्या कच्च्या रस्त्यावर चाकाचा विरोध वजनाच्या साधारण ५ टक्के, म्हणजे ४९० न्यूटन. दिवसाची चाल १२ किलोमीटर धरली तर एका बंडीला ५.९ मेगाज्यूल लागतात. विजेच्या मीटरच्या भाषेत १.६ युनिट. १२ बंड्यांचे जवळपास २० युनिट. गिअरच्या प्रत्येक जोडीत ५ टक्के जातात. पेवापासून चाकापर्यंत ७ जोड्या असतील तर ७० टक्केच पोचतं. म्हणजे पेवातून रोज २८ युनिट, १०० मेगाज्यूल निघायला हवेत.

आता स्प्रिंग. गुंडाळलेल्या पोलादी पट्टीत किलोमागे २४० ज्यूलच्या आसपास मावतात, आणि तेही चांगल्या पोलादात. एका बंडीच्या एका दिवसाला ८.४ मेगाज्यूल हवेत, म्हणजे ३५ टन स्प्रिंग. १ टनाच्या बंडीत ३५ टन! वजन खाली सोडून चालवायचं म्हटलं तर ५०० किलोचा दगड १७०० मीटर खाली सोडावा लागेल. हाताने चावी द्यायची तर माणूस दिवसभर ७५ वॅटने फिरवत राहिला तरी ८ तासांत ०.६ युनिट होतं. २८ युनिटांना ४७ माणसं. अख्खा तांडा चावी फिरवत बसला तर चालणार कोण? तेव्हा वेगळी शक्ती मानावीच लागते, आणि इथे ती शोभतेही.

तिचा नियम मात्र गुरुत्वाकर्षणाकडूनच घ्या, नवा शोधू नका. खाली घड्याळ हळू चालतं, वर जलद. हे कल्पनेतलं नाही. १९६० मध्ये पाउंड आणि रेब्का यांनी हार्वर्डच्या २२.५ मीटर उंच मनोऱ्यात हा फरक मोजला. चिखलदरा ते खालचं सपाट रान यांत ८०० मीटर धरा. वरचं घड्याळ खालच्यापेक्षा दिवसाला ७.५ नॅनोसेकंद पुढे जातं. आता १ टनाची बंडी तो घाट उतरली तर किती ऊर्जा सुटते? ७.८ मेगाज्यूल. गंमत अशी की वेळेतला तो फरक, म्हणजे एका दिवसाचा जेवढावा भाग मागे पडला तो, घेऊन बंडीच्या वस्तुमानाशी आणि प्रकाशवेगाच्या वर्गाशी गुणला की तेच ७.८ येतात. हे जुळणं योगायोगाचं नाही. वस्तूचा वेळ मंद होणं आणि वस्तू ‘खाली’ जाऊन ऊर्जा देणं, ही एकच गोष्ट दोन बाजूंनी पाहिलेली आहे.

तुमचं काळपेव म्हणजे डोंगराशिवाय केलेली उतरण. आत एक जड गाभा. त्याचा वेळ बाहेरच्यापेक्षा जरा मंद केला की ऊर्जा सुटते. पुन्हा चावी द्यायची म्हणजे त्याला वर, बाहेरच्या वेळेच्या पातळीवर ओढून आणायचं. गाभा १०० किलो धरला तर एका दिवसाची चाल म्हणजे त्याचा वेग १ लाख कोटींत ११ भागांनी कमी होणं. दिवसाला १ मायक्रोसेकंद. एवढंच.

एक चमत्कार मागून घ्या: हा गाभा वेळेत उतरवता येतो. बाकी एकही नको.

कमान_आणि_ठोका

वरचं मांडणं पक्कं आहे. आता पेवापासून चाकापर्यंतचं.

पहिली चूक बहुतेक जण करतात ती अशी की बंडी चालवायला एस्केपमेंट लावतात, कारण घड्याळ म्हटलं की टिकटिक हवी. एस्केपमेंट वेळ वाटून देण्यासाठी असतं. प्रत्येक ठोक्याला सगळी गिअरमाळ थांबते आणि सुटते. ४०० वॅट वाहणारी माळ सेकंदाला दोनदा थांबवलीत तर संध्याकाळपर्यंत दाते तुटतील. चालवायच्या माळेवर गव्हर्नर लावा: फिरणारे दोन गोळे, वेग वाढला की बाहेर फाकतात आणि ब्रेकची पट्टी घासते. टिकटिक हवी असेल तर वेगळी छोटी माळ काढा आणि तिच्यावर तांड्याचं घड्याळ चालवा.

त्या घड्याळाला लंबक नको. सेकंदाचा लंबक ९९.४ सेंटीमीटर लांब असतो आणि त्याला स्थिर भिंत लागते. पांदणीतल्या पहिल्याच खड्ड्यात तो पेटीला धडकेल. बॅलन्स व्हील आणि केसासारखी बारीक स्प्रिंग, हाच मार्ग. पण ती स्प्रिंग साध्या पोलादाची असेल तर दर अंशाला दिवसामागे ११ सेकंदांच्या आसपास मागे पडते. पोषातल्या पहाटे १० अंश आणि वैशाखातल्या दुपारी ४५. फरक ३५ अंशांचा, चूक दिवसाला ६ मिनिटांच्या वर. उपाय दोन. बॅलन्सची कडा पितळ आणि पोलाद अशी दोन थरांची करून मध्ये कापायची, म्हणजे उन्हात ती आत वळते आणि चूक भरून निघते; किंवा निकेल-पोलादाची मिश्रधातू. अशा मिश्रधातूंवरच्या कामासाठी गिओम यांना १९२० चं नोबेल मिळालं. कथेतल्या लोहाराला पहिला उपाय जमेल, दुसरा नाही.

तेलाबद्दल सगळ्यात जास्त सांभाळा. वऱ्हाडात जवस घरोघरी, म्हणून कुणीतरी कथेत जवसाचं तेल घालेलच. घालू देऊ नका. जवसाचं तेल हवेत सुकतं. थोड्या दिवसांत त्याचा पातळ, चिवट पापुद्रा होतो. लाकडाच्या रोगणाला हा गुण, घड्याळाच्या खुंटीला (चाकाच्या आसाच्या बारीक टोकाला) मरण. करडईचंही याच वळणाचं. एरंडेल सुकत नाही, भोकात टिकून राहतं, बंडीच्या आसाला उत्तम. थंडीत दाट होतं, म्हणून घड्याळाच्या बारीक खुंट्यांना तेही सुईच्या टोकावर येईल इतकंच. भोकाभोवती तेल पसरलेलं दिसलं म्हणजे जास्त झालं.

आणखी एक: चावी देताना चाल थांबू नये. साध्या रचनेत चावी उलटी फिरवली की माळेवरचा जोर जातो. जॉन हॅरिसन या इंग्रज घड्याळजीने यासाठी मधे एक छोटी स्प्रिंग आणि दुसरं रॅचेट (एकाच दिशेला फिरू देणारं दातेरी चाक) ठेवलं होतं. चावी चालू असताना ती स्प्रिंग माळेला ढकलत राहते. तुमच्या १२ बंड्यांना हे हवंच, नाहीतर चढावर चावी लावली की बंडी मागे येईल.

बाभूळतुंबा

चाकाचं मी सांगतो.

चाक १.४ मीटर व्यासाचं धरा, बाभळीचा तुंबा (चाकाचा मधला ठोकळा), बाभळीचेच आरे. ताशी ३ किलोमीटरच्या चालीत ते मिनिटाला ११ फेरे घेतं. ओढ ४९० न्यूटन, म्हणजे आसावर ३४३ न्यूटन-मीटरचा पीळ. बैल जुंपलेल्या बंडीत हा प्रश्नच नसतो, कारण बैल जू ओढतात आणि चाक आसावर मोकळं फिरतं. तुमच्या बंडीत चाकालाच फिरवायचं आहे. दोन्ही चाकं एकाच आसाला घट्ट केली तर वळणावर आतलं चाक घसटतं आणि आरे मुळातून उखडतात. एकाच चाकाला जोर दिला तर बंडी धुऱ्यावर (शेताच्या बांधावर) चढते.

म्हणून दोन्ही तुंब्यांत रॅचेट बसवा, सायकलच्या मागच्या चाकात असतं त्याच तत्त्वाचं. वळताना बाहेरचं चाक पुढे पळतं, खटके टकटक सुटत राहतात. आतलं चाक जोर घेतं. एका चाकावर सगळा भार आला तर १५ सेंटीमीटर त्रिज्येच्या रॅचेटच्या दातावर सव्वादोनशे किलोहून जास्त दाब येतो. एका खटक्यावर तो टाकू नका, तीन ठेवा, आणि खटक्यांच्या स्प्रिंगा निरनिराळ्या जोराच्या नकोत. नाहीतर एकच दात खातो. मागे जायचं असेल तर ही बंडी स्वतः जाणार नाही, खटके उचलून धरून माणसांनी ढकलावी लागेल. कथेत हे विसरलात तर ऐकणारे लगेच धरतील.

धाव चढवताना गोवऱ्यांच्या आगीत ३०० अंशांनी तापली की ४.४ मीटरच्या घेराला १६ मिलिमीटर वाढ मिळते. तेवढ्यात ती चाकावर बसवून पाणी ओतायचं. पण वैशाखात लाकूड आटतं, धाव सैल होऊन खडखडते. चाक रात्रभर पाण्यात ठेवलं की फुगून घट्ट होतं. १२ बंड्यांची २४ चाकं आणि उन्हाळ्यातलं पाणी. तांडा कुठे थांबेल हे बरेचदा यावरूनच ठरेल.

काळ्या मातीत मात्र पावसात चालायचं नावच काढू नका. ओली कन्हार चाकाला लपेटते, आऱ्यांत भरते आणि थोड्याच अंतरात चाक म्हणजे चिखलाचा गोळा होतो. विरोध चौपट धरला तरी कमी पडेल. खारपाण पट्ट्यात, दर्यापूरच्या बाजूला, दिवाळीच्या आत जाऊ नका. तिथल्या खाऱ्या पाण्याने चाकं भिजवलीत तर धावेला आणि खिळ्यांना गंज लवकर धरतो. मार्गात ते गाव आधी ठेवलं आहे, ते जरा मागे न्या.

पांदणवाट

तिघांचेही मनापासून आभार. मार्ग बदलते: आधी कारंजा-दारव्हा, खारपाण पट्टा परतीत.

पण दोन गोष्टी टोचताहेत. एक, हेच काम बैलजोडी आरामात करते. मग वाचणारा विचारेल, यंत्र कशाला? दुसरी, मला असं हवं होतं की तांड्यातली माणसं गावकऱ्यांपेक्षा हळू म्हातारी होतात. दिवसाला मिनिटभर जरी मागे पडली तरी वर्षाचे ६ तास होतात. पेव तेवढं खोल करता येईल का?

गणिताची_पाटी

नाही, आणि कारण ऐकलं की तुम्हीच ते वाक्य खोडाल.

दिवसाला १ मिनिट म्हणजे १४४० भागांत १. गाभा फक्त १ किलोचा धरला तरी तो एवढा उतरवताना सुटणारी ऊर्जा ६२ लाख कोटी ज्यूलच्या वर. हिरोशिमावर पडलेल्या बॉम्बएवढी. माणूस ६० किलोचा असतो. हळू म्हातारं होणं या नियमात बसत नाही; नियम मोडलात तर पहिल्या प्रकरणातला सगळा हिशोब ढासळतो.

पण या नियमातून दुसरं काही निघतं आणि ते मला जास्त मोलाचं वाटतं. वर्षात १५० दिवस चाल धरा. रोज २८ प्रमाणे ४२०० युनिट, म्हणजे १५ हजार मेगाज्यूल. १०० किलोचा गाभा फेऱ्याच्या शेवटी ६० कोटींत १ भाग मंद झालेला असेल. आता त्या रिकाम्या पेवात बाहेरून १ ग्रॅम काळी धूळ पडली तर? ती धूळही त्या उतरणीवरून खाली येते आणि १५० किलोज्यूल सोडते. ३६ ग्रॅम टीएनटी इतका स्फोट, चिमूटभर मातीतून. दसऱ्यानंतरच्या पहिल्या मुक्कामी तीच धूळ १ किलोज्यूल देते. ठिणगी उडेल, बस.

स्प्रिंगच्या बरोबर उलट आहे हे. भरलेली स्प्रिंग धोक्याची, सैल झालेली निरुपद्रवी. काळपेव भरलेलं असताना शांत, रिकामं होत जाईल तसं अधाशी. आणि सगळ्यात रिकामं कधी? वैशाखात, वावटळी उठतात तेव्हा.

तुम्ही नाव पेवाचं दिलं आहे, ते इथे फार नेमकं बसतं. धान्याचं पेव उघडलं की लगेच माणूस उतरवत नाहीत. झाकण काढून ठेवतात, दोरीला कंदील बांधून खाली सोडतात. ज्योत विझली तर आत जाणारा परत येत नाही. धान्य श्वास घेऊन आतला प्राणवायू संपवतं. तुमच्या पेवकऱ्यांनाही अशी परीक्षा द्या. गाभ्याभोवतीच्या निर्वात पोकळीत हवा शिरली का, हे झाकण उघडण्याआधी कळलं पाहिजे. हवेलाही वजन आहे: १ लिटर हवा म्हणजे १.२ ग्रॅम, वरच्या हिशोबाने १८० किलोज्यूल. पारा भरलेली वाकडी नळी कवचाला जोडून ठेवा. आत पोकळी पक्की असेल तर पाऱ्याची उंची त्या जागेच्या हवेच्या दाबाएवढी, ७३ सेंटीमीटरच्या आसपास राहते. दोन-तीन मिलिमीटर उतरली तरी तांडा थांबला पाहिजे.

याच कारणाने आतून बाहेर लोखंडी दांडा काढता येत नाही. दांड्याचा आतला भाग खाली ओढला जातो आणि रिकाम्या पेवात ही ओढ पोलाद तोडण्याच्या कितीतरी पलीकडची असते. शक्ती बाहेर काढा चुंबकी जोडाने: आत एक चकती, बाहेर एक, मध्ये अखंड पितळी कवच, दोन्हींवर नाल चुंबक. आतली फिरली की बाहेरची तिच्यामागे फिरते, स्पर्श नाही. आतल्या गाभ्यालाही स्पर्श न करता अधांतरी धरायचं; नुसत्या स्थिर चुंबकांनी ते जमत नाही, तेव्हा तेही त्या एका चमत्कारातच धरा. चुंबक जोरात आपटले किंवा तापले की दुबळे होतात, मग जोड घसरतो: बाहेरची चकती थरथरते, बंडी उभीच. घसरणं हा दोष आहे आणि संरक्षणही. चाक दगडात अडकलं तर दाते तुटण्याआधी जोड सुटतो. कवच पितळी असल्याने घसरताना ते तापतं, एवढं ध्यानात ठेवा. हात लावून पाहणाऱ्याला आधी तेच कळेल.

आखरावरून

बैल का नाहीत, याचं उत्तर वैरणीत आहे. १२ जोड्या म्हणजे २४ बैल. बैलामागे रोज ८ किलो सुका चारा धरला तरी १९० किलो. कापूस-सोयाबीनच्या मुलखात कडबा आधीच कमी. चैत्र-वैशाखात कुटारही गावकऱ्यांनाच पुरत नाही. बाहेरून आलेल्या २४ बैलांना कोण घालेल? तुमचं यंत्र जास्त काम करतं म्हणून नव्हे, तर आषाढ-श्रावणाचं पाणी वैशाखात खातं म्हणून हवं. हा मुद्दा कथेच्या मध्यावर ठेवा.

चावी कोण देतं, तर नाला. वरचे ४२०० युनिट घ्या. जुलै ते सप्टेंबर ९० दिवस. १ मीटर उंचीवरून सेकंदाला ४०० लिटर पाणी पडत असेल आणि पाणचक्की निम्मं पकडत असेल तर १.९६ किलोवॅट अखंड मिळतात. ९० दिवसांत ४२०० युनिट भरतात. मेळघाटाच्या पायथ्याचे नाले यासाठी योग्य. पावसाने १५ दिवस ओढ दिली तर सातशे युनिट कमी, म्हणजे २५ दिवसांची चाल गेली. त्या वर्षी तांडा वणीपर्यंत जाणारच नाही. वणीला वाट पाहणाऱ्यांना हे न सांगताच कळेल.

म्हणून त्यांचं भटकणं आपोआप चातुर्मासाला धरून होतं. मृगाला मुक्काम, दसऱ्याला सीमोल्लंघन. पोळा मधेच येतो, पिठोरी अमावास्येला. त्या दिवशी पाणचक्कीची झडप टाकून चाक थांबवायचं. बैल नसलेल्या तांड्याने पोळा कसा पाळायचा? आदल्या संध्याकाळी आपल्याकडे बैलांचे खांदे हळद-तुपाने शेकतात आणि ‘आज आवतन घ्या, उद्या जेवाले या’ म्हणतात. हे लोक पाणचक्कीच्या आसाला एरंडेल चोळतील आणि तेच म्हणतील. दुसऱ्या दिवशी तान्हा पोळा. मुलांचे लाकडी नंदी दोरीने न ओढता चावीवर चालतील. एवढं चित्र पुरे, समजावत बसू नका.

एक विनंती. तांडा, नायक, कारभारी, लदेणी हे शब्द बंजारा समाजाचे जिवंत शब्द आहेत. पोहरादेवीच्या यात्रेत ते आजही ऐकू येतात. तुमचा समाज कल्पनेतला. नायक-कारभारी तसेच उचललेत तर वाचणारा त्यांनाच पाहील आणि त्यांच्यावर नसलेल्या रीती चिकटतील. पदांची नावं कामावरून पाडा: पेवकरी, झडपकरी, खटकेवाली, मापाडी. मापाडी महत्त्वाचा, कारण युनिट तोच मोजतो.

आणि मापाड्याला पेचात टाका. वैशाखात एखाद्या गावाची विहीर १० मीटर खोल गेलेली, मोटार आहे पण वीज नाही. एका दिवसाची चाल, २८ युनिट, त्या विहिरीवर खर्चली तर निम्मं वाया जाऊनही ५ लाख लिटर पाणी वर येतं. गावाची आणि ढोरांची तहान कित्येक दिवस भागेल. पण तेवढ्याने तांडा मृगाआधी एक मुक्काम मागे राहतो, पेव आणखी रिकामं होतं, धुळीचा धोका वाढतो. मोबदला काय मागायचा हेही ठरवा. पैसा नको, पेवाला लागतं ते गावाकडे असतं: एरंडेल, पितळ, बाभळीचं लाकूड, चाकं भिजवायला टाकं.

कमान_आणि_ठोका

‘हळू म्हातारी’ची भरपाई माझ्याकडे आहे.

गाभा वर्षभरात सरासरी अर्धा उतरलेला असतो, म्हणजे दिवसाला ७२ मायक्रोसेकंद मागे. चाल आणि चावी मिळून ३३० दिवस धरा: वर्षाला २४ मिलिसेकंद. पापणी लवायला याच्या कितीतरी पट वेळ लागतो. पण हे मागे पडणं परत भरून येत नाही. चावी दिली की गाभा पुन्हा बाहेरच्या वेगाने चालू लागतो, गमावलेले क्षण मात्र गेलेलेच. ४२ वर्षांत बरोबर १ सेकंद साचतो.

गाभ्याला स्वतःचा ठोका द्या, सेकंदाला एक. बाहेरच्या घड्याळाचा ठोका त्याच्या जोडीने ऐकला तर आज दोन्ही एकत्र पडतात, १० वर्षांनी पाव सेकंदाने फाकतात, २१ वर्षांनी एकाच्या बरोबर मध्ये दुसरा पडतो, ४२ वर्षांनी पुन्हा एक होतात. नव्या मुलाला पाळण्यात घालताना तांड्याने पेवाला कान लावावा, ठोक्यांमधलं अंतर मोजावं आणि तेच त्याचं जन्मवर्ष मानावं. पंचांगाची गरज नाही.

आता प्रामाणिक अडचण. बाहेरचं यांत्रिक घड्याळ ४२ वर्षांत एका सेकंदाइतकं अचूक राहू शकत नाही. बंडीवर तर दिवसाला काही सेकंद इकडेतिकडे होणारच. म्हणून ते सूर्यावर लावावं लागतं आणि चालत्या तांड्यात सूर्यही सरकतो. आपल्या अक्षांशावर पूर्वेला २६ किलोमीटर गेलं की माध्यान्ह १ मिनिट आधी येते. १५ किलोमीटरला ३५ सेकंद. बुलढाण्यापासून गडचिरोलीपर्यंत तब्बल १५ मिनिटांचा फरक. त्यात सूर्य स्वतः वर्षात १६ मिनिटं पुढे आणि १४ मिनिटं मागे होतो. तेव्हा दर मुक्कामी सूर्यावर लावलेलं घड्याळ ठोक्याच्या तुलनेला निरुपयोगी. तुलना वर्षातून एकदाच, एकाच जागी करा: पावसाळी मुक्कामाच्या दगडी ओट्यावर, दक्षिणोत्तर रोवलेल्या दोन खांबांमधून एकच तारा जाताना, आणि मिळतील तेवढ्या रात्रींची सरासरी घेऊन. डोळ्याची चूक अशाने दशांश सेकंदाच्या आत येते. पावसाळ्यात आकाश कधी उघडेल याचा भरवसा नाही. आश्विन उजाडला की, निघण्याआधीच्या रात्री मिळतात.

पांदणवाट

बसलं. मिनिटाचं वाक्य खोडलं, त्या जागी पाळणा आणि ठोके आले. पेवाचं कवच, पाऱ्याची नळी, चुंबकी जोड, दसरा ते मृग, मापाडी, विहीर, सगळं घेते. पदांची नावंही बदलली. गाभा बारा ठिकाणी वाटला आहे, प्रत्येक बंडीत ८ किलोच्या आसपास.

फक्त एवढं सांगा: बारा पेवं सारखी रिकामी होणार नाहीत. चढावर मागची बंडी जास्त खाईल. मग?

बाभूळतुंबा

रोज संध्याकाळी बंड्या जोडीजोडीने पाठीला पाठ लावून उभ्या करा. ज्या पेवात जास्त शिल्लक आहे त्याच्या बाहेरच्या चकतीवरून कमी असलेल्याच्या चावीवर दांडा टाका आणि फिरू द्या. दोन्हीकडच्या गिअरमाळांतून जाताना निम्मं वाया जातं, म्हणून अगदी समान करू नका. फरक दीड-दोन युनिटांच्या आत असेल तर तसाच सोडा, त्याहून जास्त असेल तरच जोडा. त्यापेक्षा बरं म्हणजे दर मुक्कामी बंड्यांचा क्रम फिरवा. पुढची बंडी चाकोरी दाबत जाते म्हणून ती जास्त खाते, मागच्यांना दबलेली वाट मिळते. तेव्हा आज पुढे असलेली उद्या शेवटी. शिल्लक मोजायला प्रत्येक चकतीवर फेरे मोजणारं दातेरी चाक बसवा आणि त्याच्याजवळ बंडीच्या लाकडावर रोजची एक खूण कोरा. खडूची नको, वैशाखात तीच धूळ होऊन पेवाकडे जाते.